थोरल्याचा जबाब

वहिनी: हात जरा वर करा, भाऊजी. अजून. दुखतंय?

धाकटा: नाही.

वहिनी: डोळ्यांत पाणी आलं तुमच्या.

धाकटा: मग विचारतेस कशाला?

वहिनी: विचारायची पद्धत असते. ही कड धरा. झोळी सैल पडली की हाड परत सरकेल म्हणालेत डॉक्टर. आणि तुम्ही झोपेत सोडून टाकता.

धाकटा: वहिनी, आठ दिवस झाले. सगळं गाव येऊन विचारून गेलं. तू एकदाही विचारलं नाहीस.

वहिनी: काय विचारायचं?

धाकटा: त्या दिवशी भोंगा वाजला होता की नाही.

वहिनी: मला भाजी चिरायची आहे.

धाकटा: वहिनी.

वहिनी: विचारायचं काय त्यात? तुमच्या दादांनी सगळ्यांना सांगितलंय. सकाळचं धुकं होतं, ते सुकाणूवर होते, तुम्ही पुढे टोकाला उभे. समोरून त्या बुटक्या तांडेलाची, दीडफुट्याची, मोठी बोट भोंगा न वाजवता अंगावर आली. आपली बाजू खरवडत गेली, तीन फळ्या फुटल्या, तुम्ही खाली आपटलात नि खांदा मोडला. पाठ झालंय मला. शेजारच्यांच्या पोपटालाही झालं असेल.

धाकटा: भोंगा वाजला होता. तीनदा.

वहिनी: हळू बोला. ते बाहेरच बसलेत.

धाकटा: हळू कशाला? इथून कोकललो तरी त्याला ऐकू जाणार आहे का?

वहिनी: असं बोलू नका हो.

धाकटा: म्हणजे तुला माहीत आहे.

वहिनी: संसार करते मी त्यांच्याबरोबर. तीन वर्षं तरी झाली असतील. आधी वाटायचं, लक्ष देत नाहीत. नवऱ्यांना ती खोड असतेच. मग एक दिवस कुकरच्या पाच शिट्ट्या झाल्या. हे शेजारीच बसून जाळं शिवत होते. मला म्हणतात, आज शिट्टी व्हायची आहे की नाही? तेव्हा कळलं.

धाकटा: आणि तू काही बोलली नाहीस.

वहिनी: तुम्ही बोललात?

धाकटा: मी काय बोलणार. माझं तोंड तुझ्याहून काळं आहे. मागच्या वर्षी परवान्याची तपासणी होती ना, मीच गेलो होतो त्याच्याबरोबर. कानाची तपासणी म्हणजे काय, डॉक्टरांनी मागे उभं राहून आकडे कुजबुजायचे आणि ह्याने ते मोठ्याने परत म्हणायचे. मी समोर दारात उभा. डॉक्टर म्हणाले सात. दादा नुसता माझ्याकडे बघतोय. बघतोच आहे. मी सात बोटं दाखवली.

वहिनी: अगंबाई!

धाकटा: नऊच्या वेळी माझं एक बोट चौकटीआड गेलं, तर हा आठ म्हणाला. डॉक्टर म्हणाले, असू दे, एखादा आकडा कुणाचाही चुकतो. झाला पास.

वहिनी: आणि बाहेर आल्यावर?

धाकटा: म्हणाला, सर्दीने दडे बसलेत कानांत. मी म्हटलं, हो, हवाच तशी आहे.

वहिनी: उद्या जबाब द्यायचाय तुम्हाला बंदरच्या कचेरीत.

धाकटा: तेच तर. भोंगा वाजला नाही म्हणालो, तर दीडफुट्याचा परवाना जातो. वाजला म्हणालो, तर विचारतील, मग तुमच्या तांडेलाने बोट का वळवली नाही? मग दादाचा जातो.

वहिनी: आपलेच दात नि आपलेच ओठ. काल त्याची बायको आली होती.

धाकटा: दीडफुट्याची? इथे?

वहिनी: मागच्या दाराने. पाणी दिलं तर घेतलं नाही. उभ्याउभ्याच म्हणाली, आमचा माणूस तोंडाळ आहे, भांडकुदळ आहे, पण धुक्यात भोंगा न वाजवता बोट हाकणारा नाही. एवढं बोलून गेली.

धाकटा: तू काय म्हणालीस?

वहिनी: मी तिच्या पायांकडे बघत होते. नवी चप्पल होती. गप्प बसा, ते आले.

थोरला: काय कुजबुज चाललीय दीर-भावजयीची?

वहिनी: पट्टी बांधतेय.

थोरला: चिठ्ठी? कुणाची चिठ्ठी?

वहिनी: पट्टी! खांद्याची पट्टी!

थोरला: मग किंचाळतेस कशाला? बहिरा आहे का मी? हे बघ रे, तक्रार लिहून झाली. सबंध पान भरलंय. वाचू?

धाकटा: राहू दे ना, दादा. उद्या कचेरीत वाचतीलच.

थोरला: ऐकायचं नाही तुला? बरं. शेवटचं तेवढं ऐक. "माझ्या बोटीचं काय व्हायचं ते होवो, फळ्या बदलता येतात. परंतु माझा धाकटा भाऊ त्या दिवशी प्राणास मुकला असता." प्राणास मुकला असता, बरोबर आहे ना?

वहिनी: बरोबर आहे.

थोरला: बाबा गेले तेव्हा हा नऊ वर्षांचा. पुढे बोटीवर न्यायला लागलो तेव्हा आई एवढंच म्हणायची, नेतोस तसा परत आण. बावीस वर्षांत ओरखडा आला नव्हता ह्याला. आणि तो दीडफुट्या म्हणे, मी वाजवला होता. चोराच्या उलट्या बोंबा. खांदा मोडला माझ्या भावाचा, सोडतो की काय मी त्याला!

*

कारकून: बसा. खुर्ची एकच आहे, दुसऱ्यांनी बाकावर बसा. तक्रारदार कोण?

थोरला: मी.

कारकून: आणि हे साक्षीदार. खांदा ह्यांचाच मोडला?

धाकटा: हो.

कारकून: तक्रार वाचली मी. अक्षर छान आहे. मात्र "दीडफुट्या" हा शब्द सरकारी कागदावर चालणार नाही. तिथे "समोरील बोटीचे तांडेल" असं करा.

थोरला: करतो. पण उंची तेवढीच आहे त्याची.

कारकून: असेल. थांबा, जबाबाचा फॉर्म खालच्या कप्प्यात आहे.

(कारकून पाठ फिरवून कपाटाशी वाकतो आणि तिथूनच बोलू लागतो.)

कारकून: टक्कर झाली त्या वेळी इंजिन चालू होतं की बंद? अहो, तुम्हाला विचारतोय. चालू होतं की बंद?

धाकटा: चालू होतं. निम्म्या वेगात.

कारकून: तक्रारदारांना विचारलं मी.

धाकटा: दादा, ते विचारतायत, इंजिन चालू होतं का?

थोरला: होतं की. निम्म्या वेगात. विचारलं असतं तर मीच सांगितलं असतं, तू कशाला मध्ये बोलतोस?

कारकून: हं. सापडला फॉर्म. आता साक्षीदार. समोरील बोटीचा भोंगा आपणांस ऐकू आला होता काय? होय किंवा नाही.

धाकटा: धुकं फार होतं.

कारकून: धुक्याचा रकाना वर आहे, तो भरलाय मी. भोंगा?

धाकटा: मला... मी आपटलो ना, त्याच्या आधीचं नीट आठवत नाही.

थोरला: काय म्हणाला?

कारकून: आठवत नाही म्हणतायत. पण "आठवत नाही" असा रकाना नाही ह्यात. हे बघा, साहेब परवा अकराला येतायत. सही त्यांच्यासमोर व्हायची आहे. तोवर आठवून या. दोघांनाही एक सांगू? मी काही साहेब नाही, पण बावीस वर्षं हे फॉर्म भरतोय. चुकीच्या रकान्यात केलेली सही पुसता येत नाही.

थोरला: काय म्हणाला हा?

धाकटा: परवा या म्हणाला. चल.

*

थोरला: थांब. इथेच थांब, पायरीवर. आठवत नाही म्हणजे काय?

धाकटा: घरी बोलू, दादा.

थोरला: घरी नाही. घरी ती मध्ये पडते. डोक्याला लागलं नव्हतं तुला, खांद्याला लागलं होतं. सकाळी काय खाल्लं होतंस ते आठवतं, धुकं आठवतं, मग एवढंच कसं नाही आठवत?

धाकटा: आठवतंय.

थोरला: काय? माझ्याकडे बघून बोल.

धाकटा: बघूनच बोलतोय. सगळं आठवतंय मला. भोंगा वाजला होता, दादा. तीनदा वाजला. पहिला लांब होता. दुसऱ्याला मी तुला हात केला. तिसऱ्याला तो इतका जवळ होता की माझ्या छातीत घुमला. मी "वळव, वळव" म्हणून बोंबललो आणि तू सरळ जात राहिलास.

थोरला: खोटं.

धाकटा: मी तुझ्याशी खोटं कधी बोललोय?

थोरला: माझ्या बोटीवर भोंगा ऐकू आला नि मला आला नाही? तुला आला, मला नाही?

धाकटा: हो.

थोरला: त्या दीडफुट्याने गाठलं तुला. नाहीतर... कळलं. कळलं मला. सुकाणू हवंय तुला.

धाकटा: हवंय.

थोरला: काय?

धाकटा: हवंय म्हटलं. दहा वर्षं झाली, हवंय. म्हणून तर आठ दिवस तोंड शिवून बसलो. खरं बोललो तर लोक म्हणतील, सुकाणूसाठी भावाला बुडवला. आणि सगळ्यांत आधी तूच म्हणशील असं वाटलं होतं. म्हणालासच.

थोरला: तू जा घरी.

धाकटा: दादा, अरे, मला तसं...

थोरला: जा म्हटलं ना. मी येतो मागून. एकट्याला चालता येतं मला.

*

वहिनी: कुठे होतात एवढा वेळ? भाऊजी दुपारी दोनला आले. जेवले नाहीत, भिंतीकडे तोंड करून पडलेत. तुम्ही पण जेवला नसाल. हात धुवा.

थोरला: धक्क्यावर होतो.

वहिनी: चार-पाच तास? काय करत होतात?

थोरला: पाचच्या लाँचची वाट बघत होतो. ती धक्क्याला लागताना भोंगा वाजवते ना रोज.

वहिनी: रोज वाजवते. इथे घरात ऐकू येतो.

थोरला: इथे येतो?

वहिनी: येतो.

थोरला: मी धक्क्याच्या अगदी टोकाला जाऊन उभा राहिलो. पाण्याकडे पाठ केली नि डोळे मिटले. म्हटलं, आज काय तो सोक्षमोक्ष होऊन जाऊ दे. लाँच आली की वाजवेल, वाजलं की डोळे उघडायचे नि घरी येऊन त्याच्या मुस्काटात द्यायची. उभा राहिलो. वाट बघतोय, वाट बघतोय. म्हटलं, उशीर झालाय आज तिला. तेवढ्यात कुणीतरी दंडाला धरून मला बाजूला ओढलं. बघतो तर लाँच लागलेली. दोर बांधून झालेला. माणसं पेट्या घेऊन उतरतायत आणि मी वाटेत उभा.

वहिनी: बसा. बसा आधी.

थोरला: दोरवाल्याला विचारलं, भोंगा वाजवला नाही का रे आज? तो हसला. त्याला वाटलं मी चेष्टा करतोय.

वहिनी: पाणी घ्या.

थोरला: तुला माहीत होतं.

वहिनी: हो.

थोरला: कधीपासून?

वहिनी: झाली तीन वर्षं.

थोरला: मग बोलली का नाहीस?

वहिनी: तुम्ही विचारलं नाहीत.

थोरला: हे काय उत्तर झालं?

वहिनी: नाही झालं. भीती वाटली. तुम्ही बोटीवर नाही गेलात तर काय कराल, हेच मला डोळ्यांसमोर आणता येईना. पाऊस असला नि दोन दिवस घरात राहिलात तरी कपाटं सरकवत बसता. मग मीच सांभाळून घेत गेले. तुमच्या उजव्या बाजूला बसायचं, त्या कानाने बरं ऐकू येतं तुम्हाला. दाराची कडी वाजली की मीच उठायचं. अंधारात बोलायचं नाही, कारण तोंड दिसत नाही. सवय झाली. मला वाटायचं, घरातल्या घरात आहे, कुणाचं काय बिघडतंय?

थोरला: त्याचा खांदा बिघडला.

वहिनी: हो. आठ दिवस त्यांना झोळी बांधतेय ना मी. प्रत्येक गाठीला तेच मनात येतं.

थोरला: अजून कुणाला माहीत आहे?

वहिनी: कुणाला सांगितलं नाही. लेकीलासुद्धा नाही. ते फार चुकलं माझं.

थोरला: तिला सांगायचं काय कारण?

वहिनी: ती फोन करते, तुमच्याशी बोलायचंय म्हणते, तुम्ही फोन कानाला लावता, "बरं, बरं, आईशी बोल" म्हणता नि माझ्या हातात देता. दर वेळी. तिला वाटतं, तिने स्वतःच्या मनाने लग्न केलं, त्याचा राग अजून गेला नाही तुमचा.

थोरला: राग? चार वर्षं झाली त्याला! मी माझ्या हाताने घड्याळ बांधलं जावयाला!

वहिनी: घड्याळ बांधलंत. बोलला नाहीत. परवाच विचारत होती, आई, बाबांचं मन अजून वळत नाही का गं?

थोरला: अगं, फोनमध्ये मला शब्दच येत नाहीत. भुंगा डब्यात कोंडल्यासारखं नुसतं घूं घूं येतं. मला वाटायचं, फोन खराब आहे. म्हणून तर दोनदा बदलला.

वहिनी: आणि दुकानदाराशी भांडलात.

थोरला: दोनदा भांडलो. लाव तिला.

वहिनी: आता? आणि ती बोलेल ते कसं कळणार?

थोरला: मी बोलतो. ती काय म्हणते ते तू माझ्याकडे तोंड करून सांग. लाव.

वहिनी: घ्या. लागलाय.

थोरला: हॅलो. मी बाबा. तू आत्ता काही बोलू नकोस, मला ऐकू येत नाही. म्हणजे फोन ठीक आहे, माझे कान गेलेत. बरेच दिवस झाले. तर राग वगैरे काही नाही. नव्हताच. म्हणजे पहिले दोन महिने होता, खोटं कशाला बोलू, पण पुढे नव्हता. एवढंच. काय म्हणाली गं?

वहिनी: काही म्हणत नाही.

थोरला: फोन चालू आहे ना?

वहिनी: चालू आहे. नाक ओढतेय.

*

तांडेल: तिथेच! वर यायचं नाही माझ्या बोटीवर! दोघं भाऊ धक्क्यावर उभे राहा आणि काय बोलायचं ते तिथून बोला.

थोरला: काय म्हणाला?

धाकटा: वर येऊ नका म्हणतोय. तिथूनच बोला म्हणतोय.

थोरला: तिथून मला ऐकू येत नाही, तांडेल. तेच सांगायला आलोय.

तांडेल: म्हणजे?

थोरला: मला ऐकू येत नाही. तुम्ही त्या दिवशी भोंगा वाजवला होता. तीनदा. हा म्हणतोय, आणि तो खरं बोलतोय.

तांडेल: या वर. फळीवरून जपून, ओली आहे. आणि नीट बघा माझ्याकडे. बघताय? अकरा दिवस! अकरा दिवस तुम्ही चहाच्या टपरीपासून बर्फाच्या कारखान्यापर्यंत मला खोटारडा म्हणत फिरलात. माझी माणसं माझ्याकडे चोरून बघायला लागली. आणि दीडफुट्या म्हणता ते वेगळंच!

थोरला: ते आधीपासून म्हणतो.

तांडेल: आधीपासूनचं मला ठाऊक आहे! ते सगळेच म्हणतात. पण खोटारडा मला आजवर कुणी म्हटलं नव्हतं. माझी बायको तुमच्या दाराला येऊन गेली. मी तिला नाही पाठवलं. ती कुणाच्या दाराला जाणारी बाई नाही.

थोरला: माझी चूक झाली.

तांडेल: झालीच! तुमच्या बोटीला घासून गेलो ना, ते अजून डोळ्यांसमोर आहे माझ्या. मी भोंगा देतोय, पुढे तुमचा हा भाऊ वेड्यासारखा हात करतोय, आणि काचेमागे तुमचं तोंड. शांत. देवळातल्या मूर्तीसारखं शांत. मला वाटलं, हा माणूस मुद्दाम अंगावर येतोय. असं कुणाच्या जीवावर उठायला मी ह्याचं काय वाकडं केलंय?

थोरला: सगळं नाही कळलं. सावकाश बोला.

धाकटा: तू मुद्दाम अंगावर येतोयस असं वाटलं त्यांना.

थोरला: नाही हो. मला तुमची बोट दिसलीच नाही शेवटपर्यंत. ह्याचं तोंड दिसत होतं. मागे वळून, सबंध तोंड उघडून. मला वाटलं, गातोय.

धाकटा: गातोय?

थोरला: तू गातोस ना कधीकधी, जाळ्यात काही मिळालं नाही म्हणजे. मला वाटलं, आज लवकर सुरू केलं ह्याने. मी हसलोसुद्धा तुझ्याकडे बघून.

धाकटा: दादा, असू दे आता.

तांडेल: बसा. बसा हो दोघं, त्या खोक्यावर बसा. चहा आहे, गार झालाय. आता कचेरीत काय सांगणार?

थोरला: जे झालं ते. भोंगा वाजला होता, मला ऐकू आला नाही.

तांडेल: तसं लिहिलंत तर परवाना आजच जाईल. साहेब दोन मिनिटं लावणार नाही.

थोरला: हो.

तांडेल: हे बघा. मी भांडकुदळ आहे, पण माणूस आहे. तीस वर्षं सुकाणू धरलंत तुम्ही. तक्रार मागे घ्या, बस झालं. दोघं मिळून लिहून देऊ, धुकं दाट होतं, अंदाज चुकला, कुणाचा दोष नाही. धुक्यावर घालू सगळं. धुकं काही जबाब द्यायला येत नाही.

धाकटा: दादा, ते म्हणतायत...

थोरला: कळलं. हे कळलं मला. आणि पुढच्या वेळी धुकं पडलं म्हणजे?

तांडेल: पुढचं पुढे बघू हो.

थोरला: माझ्यापुढे हा उभा असतो. तुमच्या बोटीवर नऊ माणसं. नको, तांडेल. तुम्ही म्हणालात ते मोठ्या मनाने म्हणालात. पण नको. आणि डॉक्टरांच्या तपासणीचंही सांगून टाकतो.

धाकटा: ते कशाला? ते तर माझ्यामुळे झालं.

थोरला: बोटं तू दाखवलीस, पण बघितली मी. तुझं नाव येणार नाही त्यात. म्हणेन, अंदाजाने सांगितले आकडे.

धाकटा: म्हणजे पुन्हा खोटंच की.

थोरला: मग काय करू?

धाकटा: माझं पण नाव घे. ओरडतील, दुसरं काय करतील?

तांडेल: भावांनो, साडेदहा झाले. कचेरी गाठायची तर उठा. थांबा, मी पण येतो. तो कारकून माझं नाव दर वेळी चुकीचं लिहितो.

*

वहिनी: डबा पुढे ठेवलाय, भाऊजी, पिशवीत. खांद्याला जपा. तीन महिने झाले म्हणून लगेच पिंपं उचलायला जाऊ नका.

धाकटा: नाही उचलत. दादा कुठाय?

वहिनी: बोटीत. पहाटेपासून आत बसलेत. कानात ते यंत्र आल्यापासून घरात तर सोय उरली नाही. म्हणतात, तुझी पोळी लाटताना बांगडी वाजते, तू झोपेत सुस्कारे टाकतेस, नळ गळतोय. तो नळ सहा वर्षं गळतोय हो.

थोरला: अरे, ह्या इंजिनाचा खडखड आवाज कधीपासून येतोय?

धाकटा: दोन वर्षं.

थोरला: दोन वर्षं? आणि कुणी काही केलं नाही?

धाकटा: मी दर आठवड्याला सांगायचो तुला. तू "बरं" म्हणायचास.

थोरला: आता आल्यावर बघू. चल, चढ वर. नव्या फळ्या बघितल्यास ना? रंग अजून थोडा ओला आहे, हात लावू नकोस. जा, केबिनमध्ये जा. तिथे काय उभा राहिलायस?

धाकटा: तुला वाईट वाटत असेल तर आज नको. उद्या निघू.

थोरला: वाईट वाटतंय. उद्याही वाटेल. सुकाणूचा परवाना माझा गेला, तुझ्या नावाचा आला; समुद्रावर यायला मला काही कुणी बंदी केलेली नाही. मी पुढे टोकाला उभा राहतो, जाळं बघतो, दोर बघतो. हवं तर मला हात करत जा. केबिनची काच पुसून ठेवलीय.

वहिनी: निघा आता दोघं. ऊन चढलं.

धाकटा: दादा, दोर सोडशील का जरा?

थोरला: सोडशील का काय? तू सुकाणूवर आहेस. असं विचारत बसलास तर बोट खडकावर जाईल. नीट सांग.

धाकटा: दोर सोड.

थोरला: सोडला.